कुएर्नावाकाच्या भिंतीवरचा वसईकर

मेक्सिको सिटीत शिकणाऱ्या मुलीकडे आम्ही दोघे तीन आठवडे राहिलो होतो, आणि त्यातला एक दिवस कुएर्नावाका, काकावामिल्पाच्या गुहा आणि तास्को या सहलीसाठी राखून ठेवला होता. सकाळी सातला निघायचे आणि रात्री नऊच्या सुमारास परतायचे, सोबत चौदा प्रवासी, एक चालक आणि एक गाईड, असा बेत होता. वसाहतकालीन गावे आणि गुहा हे सहलीचे वर्णन वाचून मी फारशी अपेक्षा ठेवली नव्हती, कारण माझे बालपण वसईत गेले आहे आणि पोर्तुगीजांनी उभारलेल्या, आता छप्पर नसलेल्या चर्चच्या भिंतींमध्येच आम्ही मुले लपाछपी खेळलो आहोत. त्याच वसईचा एक माणूस मला त्या दिवशी पृथ्वीच्या दुसऱ्या टोकाला भेटेल, असे कुणी सांगितले असते तर मी विश्वास ठेवला नसता.

मेक्सिको सिटी समुद्रसपाटीपासून सुमारे 2240 मीटरवर वसलेली आहे. कुएर्नावाकाकडे जाणारा रस्ता तिथून आणखी वर चढतो, 3000 मीटरच्या आसपास देवदाराच्या जातीच्या झाडांमधून जातो आणि मग घाट उतरून 1500 मीटरवर येतो. चढावर अंगात स्वेटर घालून बसलेली माणसे उतारावर एकेक करून तो काढू लागली, तेव्हा मला खंडाळ्याचा घाट उतरून कोकणच्या उकाड्यात शिरण्याची आठवण झाली. माथ्यावर त्रेस मारियास नावाचे छोटे गाव आहे आणि तिथल्या टपऱ्यांवर केसादिया खाण्यासाठी सगळ्या गाड्या थांबतात. निळसर मक्याच्या पिठाचा गोळा हातावर थापून एक बाई तो तव्यावर टाकत होती, त्यात चीज आणि भोपळ्याची फुले भरून घडी घालत होती. तिच्या हातांची ती लय भाकरी थापणाऱ्या हातांचीच होती, आणि भोपळ्याच्या फुलांची भजी आमच्या घरी श्रावणात होत असल्यामुळे तो घास मला परका वाटलाच नाही.

कुएर्नावाका या नावाचा स्पॅनिशमधला शब्दशः अर्थ 'गाईचे शिंग' असा होतो, पण त्याचा गाईशी काही संबंध नाही. नाहुआत्ल या तिथल्या मूळ रहिवाशांच्या भाषेतले नाव कुआउनाउआक, म्हणजे 'झाडांजवळचे ठिकाण'. ते स्पॅनिश जिभेला वळेना, म्हणून तिने त्याचे असे करून टाकले. ठाण्याचे 'थाना' आणि वसईचे 'बासेईं' झालेले पाहिलेल्या आम्हा लोकांना हे समजावून सांगावे लागत नाही. मेक्सिको जिंकणाऱ्या स्पॅनिश सेनानी एर्नान कोर्तेसने 1520च्या दशकात इथे जिंकलेल्या लोकांच्या करवसुलीच्या जागेवरच आपला वाडा बांधला. त्याच वाड्याच्या सज्जातील भिंतींवर मेक्सिकन चित्रकार दिएगो रिवेराने 1930च्या सुमारास त्या विजयाचे, उसाच्या मळ्यांतील गुलामगिरीचे आणि शेवटी पांढऱ्या घोड्याजवळ उभ्या असलेल्या सापाता या शेतकरी क्रांतिकारकाचे चित्र रंगवले. ही चित्रे पाहण्यासाठी पूर्ण सकाळ हवी, आम्हाला वीस मिनिटे मिळाली.

मग आम्ही कॅथेड्रलमध्ये गेलो. फ्रान्सिस्कन या कॅथलिक संघाच्या साधूंनी सोळाव्या शतकात उभारलेला हा मठ बाहेरून चर्चपेक्षा किल्ल्यासारखाच दिसतो. उंच, जाड भिंती, वर तटाला असतात तशा चर्या आणि आत विस्तीर्ण अंगण. पोपोकातेपेत्ल ज्वालामुखीच्या पायथ्याशी असलेल्या अशा मठांचा युनेस्कोने 1994 साली जागतिक वारशात समावेश केला, त्यांत हाही आहे. आतून मात्र तो मोकळा आणि साधा आहे, सोन्याच्या मुलाम्याचा भपका नाही. विसाव्या शतकात जीर्णोद्धाराचे काम चालू असताना भिंतींवरील जुने थर काढले गेले आणि त्यांच्याखाली एक लांबलचक भित्तिचित्र सापडले. मातकट आणि गेरूसारख्या रंगांतल्या त्या चित्रात नावा आहेत, गाड्यांतून नेली जाणारी माणसे आहेत, भालेकरी आहेत आणि मग क्रूसांची रांग आहे. वर स्पॅनिशमध्ये लिहिलेल्या ओळीत 'तायकोसामा' हे नाव मुलीने वाचून दाखवले. तायकोसामा म्हणजे जपानचा सत्ताधीश तोयोतोमी हिदेयोशी. हे चित्र नागासाकी येथे 5 फेब्रुवारी 1597 रोजी क्रूसावर चढवलेल्या सव्वीस ख्रिस्ती हुतात्म्यांचे आहे.

गाईडने फेलिपे दे खेसूसची हकीकत अतिशय मनापासून सांगितली. मेक्सिको सिटीत जन्मलेला हा तरुण मनिलाला गेला आणि तिथे फ्रान्सिस्कन झाला. 1596 मध्ये तो पुरोहितपदाची दीक्षा घेण्यासाठी 'सान फेलिपे' या जहाजातून मायदेशी परत निघाला असताना वादळाने जहाज जपानच्या किनाऱ्याला लावले आणि तिथून तो घरी न जाता नागासाकीला गेला. मेक्सिकोचा तो पहिला संत. त्या सव्वीस जणांत सहा फ्रान्सिस्कन होते, हे गाईडने सांगितले आणि तो पुढे जाऊ लागला. मी मात्र तिथेच उभी राहिले, कारण त्या सहांतला एक गोन्सालो गार्सिया होता आणि गोन्सालो गार्सिया वसईचा होता.

वसईत वाढलेल्या कुठल्याही जातीधर्माच्या मुलाला हे नाव ठाऊक असते, कारण तिथे त्याच्या नावाचे चर्च आहे, कॉलेज आहे. 1556च्या सुमारास वसईत जन्मलेला हा मुलगा जेझुइट या दुसऱ्या कॅथलिक संघाच्या शाळेत शिकला, कोवळ्या वयात त्यांच्याबरोबर जपानला गेला आणि तिथली भाषा उत्तम शिकला. पुढे त्याने व्यापार केला, मनिलाला फ्रान्सिस्कन संघात बंधू म्हणून प्रवेश घेतला, आणि 1593 मध्ये फ्रान्सिस्कन साधू पेद्रो बाउतिस्ता हे राजदूत म्हणून हिदेयोशीकडे निघाले तेव्हा दुभाषी म्हणून त्यांच्यासोबत जपानला परतला. हिदेयोशीच्या दरबारात स्पॅनिश साधूंचे बोलणे जपानीत जात होते ते एका वसईकराच्या तोंडून, ही गोष्ट मला आजही थक्क करते. चार वर्षांनी कानाची पाळी कापून, क्योतोपासून नागासाकीपर्यंत भर हिवाळ्यात चालवत नेऊन या सर्वांना मारण्यात आले. 1862 साली त्यांना संतपद मिळाले.

मी मुलीला म्हटले, "त्यांना सांग, यातला एक आमच्या गावचा आहे." तिने सांगितल्यावर गाईड परत फिरला. तो वीस-बावीस वर्षे हीच सहल करत होता आणि गोन्सालो हे नावही त्याला माहीत होते, पण गोन्सालो पोर्तुगीज होता असेच त्याने नेहमी सांगितले होते. त्याची आई आमच्या किनाऱ्यावरची होती, त्याचा जन्म आमच्याकडचा होता, हे मी त्याला सांगितले. त्याने खिशातली वही काढली आणि गावाचे नाव विचारले. मी 'वसई' म्हणाले. स्पॅनिशमध्ये 'व' आणि 'ब' यांचा उच्चार एकच असल्यामुळे तो 'बसाई' म्हणाला, आणि चारशे वर्षांपूर्वी इथे येऊन गेलेल्या साधूंच्या तोंडी ते नाव जवळपास असेच असणार, हे माझ्या लक्षात आले.

हे चित्र इथेच का, याचे उत्तर रस्त्यात आहे. मेक्सिको सिटीहून आकापुल्कोच्या बंदराकडे जाणारी जुनी वाट कुएर्नावाकावरून जात होती. 1565 ते 1815 अशी अडीचशे वर्षे आकापुल्को आणि मनिला यांच्या दरम्यान स्पॅनिश गलबते ये-जा करत होती. आशियाकडे निघालेल्या साधूंची पावले याच वाटेवरून गेली आणि तिकडच्या बातम्याही याच वाटेने आल्या.

काकावामिल्पाला पोहोचायला दुपार झाली. मराठीत आपण माणसाने कोरलेल्या त्या लेणी आणि निसर्गाने केलेल्या त्या गुहा, असा फरक करतो, आणि या दोन शब्दांमागे भूगर्भाचा इतिहास आहे. सह्याद्रीचा बेसाल्ट कठीण आणि थरांचा असल्यामुळे आपल्याकडे छिन्नी चालवणाऱ्यांनी कार्ले आणि वेरूळ घडवले. इथला डोंगर चुनखडीचा आहे. पावसाचे पाणी हवेतला आणि मातीतला कार्बन डायऑक्साइड घेऊन किंचित आम्ल होते, खडक विरघळवत आत मुरते, आणि पोकळीत ठिबकताना तोच चुना पुन्हा मागे ठेवते. छतावरून खाली येणारे अधोमुखी लवणस्तंभ, जमिनीवरून वर वाढणारे ऊर्ध्वमुखी, आणि दोघे भेटले की अखंड खांब. भूगोलाच्या पुस्तकात ही आकृती काढून आम्ही गुण मिळवले होते, पण पुस्तकातली आकृती बोटभर होती आणि इथे काही दालनांची उंची 70 मीटरच्या पुढे आहे.

गुहेत स्वतंत्रपणे भटकता येत नाही, तिथला गाईड गटाला घेऊन जातो. सुमारे दोन किलोमीटरची बांधलेली पायवाट एकामागून एक दालनांतून आत जाते. हवा दमट आणि उबदार आहे, आणि शंभर माणसे बोलत असूनही आवाज वर कुठे तरी हरवून जातो. एका ठिकाणी मी एका लवणस्तंभाच्या टोकाशी थांबले. टोकाला एक थेंब लोंबकळत होता, विजेरीच्या उजेडात त्याच्या आत पिवळा ठिपका दिसत होता. मी त्याच्याकडे बघत राहिले, गट पुढे गेला, तरी तो थेंब पडला नाही. जमिनीखाली आणखी खोलवर चोन्ताल्कोआत्लान आणि सान खेरोनिमो या दोन नद्या वाहतात आणि डोंगराबाहेर पडताच एकत्र येऊन आमाकुसाक नदी होते. 1936 मध्ये अध्यक्ष लासारो कार्देनास यांच्या कारकिर्दीत हा परिसर राष्ट्रीय उद्यान झाला.

तिथल्या गाईडने सांगितलेली एक कथा मनात राहिली. फ्रेंचांनी मेक्सिकोच्या गादीवर बसवलेल्या सम्राट माक्सिमिलियानची पत्नी कार्लोता या गुहेत आली होती आणि ती जिथवर पोहोचली तिथे तिने 'मारिया कार्लोता इथपर्यंत आली' असे भिंतीवर लिहिले. पुढे प्रजासत्ताकाचे अध्यक्ष लेर्दो दे तेखादा आले आणि त्यांनी त्याखाली 'सेबास्तियान लेर्दो दे तेखादा पुढे गेला' असे लिहिले. लोक ऐकून हसले. मला हसू आले नाही. माक्सिमिलियानला 1867 मध्ये गोळ्या घालण्यात आल्या, कार्लोताचे मानसिक संतुलन ढळले आणि ती त्यानंतर साठ वर्षे, 1927 पर्यंत जगली. अंधारात मशालीच्या उजेडात आपले नाव लिहिणारी ती पंचविशीतली बाई मला तास्कोपर्यंत आठवत राहिली.

तास्को डोंगरउतारावर टांगलेले गाव आहे. पांढऱ्या भिंती, कौलारू छपरे, फरसबंद चढ आणि त्या चढांवर वळणारी पांढरी बीटल गाड्यांची टॅक्सी. चांदीच्या खाणींवर श्रीमंत झालेल्या होसे दे ला बोर्दा याने 1751 ते 1758 या काळात सांता प्रिस्का हे चर्च स्वतःच्या खर्चाने बांधून घेतले. गुलाबी दगडाचे दोन कोरीव मनोरे आणि आत छताला भिडणाऱ्या, सोनेरी मुलाम्याच्या वेद्या. ते पाहताना मला सारखे वाटत होते, की 1739 मध्ये चिमाजी अप्पांनी वसई घेतल्यानंतर तिथली चर्चे ओस पडत असतानाच इथे हे उभे राहत होते.

सहल आयोजकांनी या चर्चला पंचवीस मिनिटे आणि चांदीच्या एका मोठ्या दुकानाला पाऊण तास दिला होता, याचे मला वाईट वाटले आणि ते मी अभिप्रायाच्या अर्जात लिहिलेही. चांदीची कारागिरी पाहण्यासारखी नाही असे मी म्हणत नाही. विल्यम स्प्रॅटलिंग नावाच्या अमेरिकी माणसाने 1930च्या दशकात इथे कार्यशाळा सुरू करून विझत आलेला हा उद्योग पुन्हा उभा केला, आणि छोट्या गल्लीत एक कारागीर मांडीवर लाकडी ठोकळा ठेवून कडे घडवताना मी पाहिला, तो मला दुकानातल्या काचेच्या कपाटांपेक्षा अधिक आवडला. जाणाऱ्यांनी शक्य असेल तर तास्कोत एक रात्र राहावे.

घरी पोहोचलो तेव्हा साडेनऊ वाजले होते, म्हणजे वसईत दुसऱ्या दिवशीचे सकाळचे नऊ. मी आमच्या जुन्या शेजारीण मावशींना फोन लावला. त्या कॅथलिक आहेत, गोन्सालो गार्सियाच्या सणाला आम्हा मुलांना न चुकता बोलावत असत. मी त्यांना सगळे सांगितले, नावा, गाड्या, क्रूस. त्या बराच वेळ गप्प होत्या. मग म्हणाल्या, "बाय, त्या सव्वीस जणांतला आपला कुठला, ते ओळखलंस का गो?"

मी फोटो मोठा करून पुन्हा पाहिला. झगे सारखेच होते, चेहरे पुसट झालेले होते. मला ओळखता आले नाही, आणि तसेच मी त्यांना सांगितले. त्या म्हणाल्या, फोटो पाठव, मी बघते.