बेल्ट सर्वांत शेवटी

समुद्रातील तेल प्लॅटफॉर्मवर जाणाऱ्या कामगारांना आम्ही गोव्यात बेतुलला जीवरक्षणाचे प्रशिक्षण देतो. मुंबई हाय हे क्षेत्र मुंबईपासून सुमारे १६० किलोमीटर आत समुद्रात असल्याने तिथली माणसे हेलिकॉप्टरने ये-जा करतात. साधारणपणे १४ दिवस काम आणि १४ दिवस सुट्टी. त्यामुळे हेलिकॉप्टर पाण्यात पडल्यास बाहेर कसे निघावे, हे फिटरपासून आचाऱ्यापर्यंत सर्वांनाच शिकावे लागते. इंजिन आणि गिअरबॉक्स वरच्या बाजूला असल्यामुळे हेलिकॉप्टर पाण्यात बहुधा उलटे होते, म्हणून आम्हीही केबिनचा सांगाडा तलावात बुडवून उलटा फिरवतो.

त्या दिवशीच्या तुकडीत कुठ्ठाळीचा एक तरुण इलेक्ट्रिशियन होता. घरचा धंदा मासेमारीचा, त्यामुळे पाण्याची भीती कसली ती नाही. शेजारच्या आसनावर पन्नाशीतले एक मालवणी आचारी होते. प्लॅटफॉर्मवर काम चोवीस तास चालत असल्याने भटारखान्यात अर्ध्या रात्रीही चूल पेटती ठेवणारा हा गृहस्थ, पण पोहण्याच्या नावाने शून्य.

केबिन बुडाली, फिरली आणि त्या तरुणाने सवयीने आधी बेल्ट सोडला. अंगातल्या हवेने तो तत्काळ वर, म्हणजे आता वर आलेल्या जमिनीला जाऊन चिकटला. खिडकी ढकलायला रेटा मिळेना, नाकात पाणी गेले आणि पाणबुड्याने त्याला बाहेर ओढले. काकांनी मात्र सुरुवातीलाच खिडकीची कड एका हाताने पकडली होती, ती सोडलीच नाही. केबिन पूर्ण थांबेपर्यंत ते बेल्टला जखडून उलटे लटकले, मग खिडकी ढकलली, बेल्ट काढला आणि हात जिथे होता तिथूनच बाहेर आले.

"काका, पोहता येत नाही म्हणता ना?" तरुणाने खोकत विचारले.

"म्हणूनच धरून बसलो," ते म्हणाले.

माझ्या मते चांगल्या पोहणाऱ्यांना हा धडा जास्त जड जातो, कारण पाण्यात गेल्यावर थांबायचे त्यांना ठाऊकच नसते. तरुणाला दुपारी जमले. काकांनी जाताना विचारले, "सर, आजवर मी मधल्या आसनावर बसत आलो. खिडकी मागितली तर देतील का?"

"बसल्याबरोबर आपल्याला सर्वांत जवळची खिडकी कोणती, ते हाताने चाचपून ठेवा," असे मी त्यांना सांगितले आणि पुढच्या तुकडीला बोलावले.