डेस्क अपडेट : पिवळे डाग थांबले (बहुतेक)

आजोबांच्या चादरीच्या दुकानातलं उतरत्या झाकणाचं डेस्क मी घरी केलेल्या चॉक पेंटनं, म्हणजे चुनखडी घातलेल्या मॅट रंगानं, पांढरं करतोय. 'झालंच आता, फक्त वॅक्स राहिलंय' असं गेल्या वेळी लिहिलं होतं. शब्द मागे घेतो.

दुसऱ्याच दिवशी डेस्कच्या झाकणावर चहा सांडून पुसल्यासारखे डाग उमटले. मी शहाण्यासारखा तिसरा हात मारला. दुपारी पांढरंशुभ्र, संध्याकाळी डाग हजर, आधीपेक्षा गडद. चौथ्या हाताला आई म्हणाली, "त्यापरीस चहाच्याच रंगानं रंगव की."

शेवटी ओळखीच्या सुतारकाकांना बोलावलं. त्यांनी झाकणावरून अंगठा फिरवला. "सागवान हाय. जेवढं पाणी पाजशील तेवढं रडणार." खरंच आहे. लाकडातलं टॅनिन, म्हणजे रंग सोडणारं तुरट द्रव्य, पाण्यात विरघळतं आणि रंग वाळताना त्याच्याबरोबर वर येतं. म्हणजे प्रत्येक नवा हात डागांना खतपाणीच घालत होता!

पण मूळ घोळ माझाच. ब्रिटनमधल्या ॲनी स्लोनबाईंनी 1990 मध्ये चॉक पेंट काढला तो मुळी घासाघाशी वाचवायला, आणि मी मात्र 80 नंबरचा सँडपेपर घेऊन जुनं पॉलिश लाकडापर्यंत खरवडलं. ते लाखेचं पॉलिशच टॅनिन अडवून बसलं होतं. आता उपाय काय, तर लाखच. जे काढलं तेच परत लावा.

त्यातही एका दुकानदारानं लाख विरघळवायला स्पिरिटऐवजी टर्पेंटाइन टेकवलं, "सगळं एकच हो" म्हणत. चपडा, म्हणजे लाखेच्या पातळ पापड्या, त्यात दोन दिवस ढिम्म बसून होता. मग नीट स्पिरिट आणलं, अर्धा लिटरला 100 ग्रॅम चपडा. रात्रीतून विरघळला. गढूळ मेण खाली बसू दिलं आणि वरचं निवळ तेवढं ओतून घेतलं.

या वेळी घाई केली नाही. खणाच्या तळाला मधोमध टेप लावून अर्ध्या भागावर चपड्याचे दोन हात दिले, अर्धा कोरा ठेवला, वरून सगळीकडे रंग. सकाळी बघतो तर डावीकडे हळदीच्या हातानं पुसल्यासारखं, उजवीकडे स्वच्छ, आणि मधे पट्टीनं आखल्यासारखी रेघ. ती रेघ घरातल्या सगळ्यांना दाखवून झाली. शेजाऱ्यांनाही.

रंग तोच घरचा : तीन वाट्या भिंतीच्या इमल्शन रंगाला एक वाटी चुनखडीची पावडर. चुनखडीऐवजी पीओपी घालणाऱ्यांना माझा साष्टांग नमस्कार, माझ्या डब्यात त्याचा दगड झाला होता. शिवाय सोलापूरचा मे महिना, 42 डिग्रीत रंग ब्रशवरच वाळतो. त्यामुळे काम पहाटे सहाला, तेही नळाला पाणी येईल त्या दिवशी. नाहीतर ब्रश धुवायला पिण्याच्या पाण्याची घागर उचलली की घरात महाभारत.

पुढे जुनाट दिसावं म्हणून गडद वॅक्स लावायचं होतं. पण लिहिता लिहिताच वाटतंय, नको. चपड्यानं लाकूड काय सुंदर मधाळ दिसतंय! कडांवर आधी मेणबत्ती घासतो, मग रंग. म्हणजे तिथला रंग नखानंसुद्धा निघेल, घासताना चपडा फाटणार नाही आणि खालचा तपकिरी डोकावेल. आतले खण तर रंगवतच नाही. वर साधं वॅक्स. पाण्यातलं वार्निश अजिबात नाही, कुठे उघडं लाकूड राहिलं असेल तर पुन्हा रडारड.

पितळी कड्या चिंचेच्या पाण्यात टाकल्यात. चारपैकी तीनच सापडल्या.