टाळूवरची टर्की

घोड्याच्या नालेच्या आकाराची एक अ‍ॅल्युमिनियमची चौकट, तिच्यात ताणून बसवलेल्या रबराच्या एक ते चार पातळ पट्ट्या आणि भोवती टेपची झालर. एवढीच वस्तू. चिमटीत धरली तर वजन जाणवत नाही, किंमत साधारण दहा डॉलर. अमेरिकेत वसंतात रानटर्की या मोठ्या पक्ष्याच्या शिकारीला जाणारी माणसं ती तोंडात, टाळूला चिकटवतात आणि तिच्यातून टर्कीच्या मादीचा आवाज काढतात. हा माउथ कॉल. कोणी त्याला डायफ्रॅम म्हणतं. रबर लॅटेक्सचं, जाडी एक दशांश मिलिमीटरच्या आसपास. दाताचे डॉक्टर तोंडात जो रबराचा पातळ पडदा लावतात, त्याच जातीचं.

या वस्तूची गंमत अशी की ती शिकवता येत नाही. तबला शिकताना गुरूची बोटं दिसतात. इथे सगळा कारभार दातांच्या आड. जीभ कुठे टेकली, किती दाबली, हवा मधून सोडली की कडेने, यातलं काहीच समोरच्याला दिसत नाही. दिसते ती फक्त जबड्याची उघडझाप. त्यामुळे शिकवणारा माणूस ‘हे बघ’ म्हणूच शकत नाही; तो ‘चॉप म्हण’, ‘चिक म्हण’, ‘शक म्हण’ असली अक्षरं देतो आणि समोरच्याची जीभ आपोआप योग्य जागी जाईल अशी आशा धरतो. पुष्कळदा जातेही. शिवाय ‘जरा तुझा दे, वाजवून बघतो’ ही सोय नाही. स्वच्छतेचा प्रश्न आहेच, पण एकाच्या टाळूला बसलेला कॉल दुसऱ्याच्या तोंडात नुसता फुसफुसतो.

मग एवढ्या भानगडीत पडायचं कशाला? टर्कीला बोलावण्याची सोपी साधनं आहेत. पेटीचा कॉल आहे: लाकडी डबी, वर खडू लावलेलं झाकण, ते कडेवर घासलं की मादी बोलते. आर्कान्सामधल्या डार्डनेलच्या हेन्री गिब्सनने 1897 मध्ये त्याचं पेटंट घेतलं. पाटीचा कॉल आहे: पाटीच्या दगडाच्या चकतीवर काडी घासायची. दोन्हींवर नवशिक्याला अर्ध्या तासात बरा आवाज काढता येतो. अडचण एकच, दोन्हींना हात लागतात. टर्कीचे डोळे बाजूला असतात, मान थोडी फिरवली की चौफेर दिसतं, आणि हालचाल तर त्याला फारच लवकर कळते. नर चाळीस यार्डांवर आलाय, बंदूक गुडघ्यावर टेकवलेली, आणि नेमका तो थबकला तर काय करणार? डबीकडे हात गेला की तो पसार. त्या क्षणी तोंडातला कॉलच उपयोगी पडतो. हात बंदुकीवर, चेहरा जाळीखाली, आणि ‘पक्’ असा एक हलका क्लक.

दुकानात गेलं की भिंतभर पाकिटं लटकलेली असतात. रंगीत टेप, भीतीदायक नावं, पिसारा फुलवलेल्या नराची चित्रं. त्यातलं काहीही पाहू नये. आधी आपलं तोंड पाहावं. टाळू रुंद आहे की अरुंद, कमान उंच आहे की सपाट, यावर निम्मा निकाल लागतो. चौकटी नेहमीच्या मापाच्या मिळतात आणि लहानही मिळतात. लहान माप मुलांसाठी म्हणून विकतात, पण अरुंद टाळूच्या मोठ्या माणसांनाही तेच बसतं, आणि ते घ्यायला लाजण्याचं कारण नाही. चौकट मोठी असेल तर टेपच्या कडा दाढांना लागतात, मागची बाजू घशाकडे जाते आणि उबळ येते. लहान असेल तर दोन्ही कडांनी हवा निसटते.

उबळ येते म्हणून बरेच जण पहिल्याच दिवशी हा नाद सोडतात. दोष त्यांच्या जिभेचा नसतो; त्यांना कात्री हवी असते. नखं कापायची बारीक कात्री घेऊन मागची आणि बाजूची टेप एका वेळी एखादाच मिलिमीटर छाटावी, तोंडात घालून पाहावं, पुन्हा छाटावी. धातूच्या कडेपर्यंत कधी जाऊ नये, कारण हवाबंद सांधा टेपमुळेच बसतो आणि कापलेली टेप परत चिकटत नाही. टाळूची कमान उंच असेल तर चौकट मधोमध बोटांनी अगदी किंचित वाकवावी. दोन्ही बाजू सारख्याच वाकल्या पाहिजेत. मात्र नालेची दोन टोकं एकमेकांकडे दाबली गेली तर रबराचा ताण ढिला पडतो आणि आवाज घोगरा होतो.

आता पट्ट्या. एका पट्टीचा कॉल स्वच्छ, उंच वाजतो, हवा कमी लागते. पट्ट्या वाढल्या की खरखर वाढते आणि पोटातून जोरही जास्त लावावा लागतो. खऱ्या मादीच्या आवाजात खरखर असतेच, म्हणून वरच्या पट्टीला काप देतात. व्ही काप मधोमध, कटर एका कडेला, बॅटविंग दोन्ही कडांना. घोस्ट कापात मध्यावर दोन छोट्या चिरा असतात. त्याला हवा अगदी थोडी पुरते आणि मऊ आवाज छान निघतात. नवशिक्याने बिनकापाचा दोन पट्ट्यांचा किंवा घोस्ट कापाचा घ्यावा. चार पट्ट्यांचा घेऊन आपल्याला जमत नाही म्हणणं म्हणजे स्वतःवर उगाच अन्याय. एका कडेला काप असलेल्या कॉलची आणखी एक खोड असते. काहींची हवा जिभेच्या उजवीकडून जाते, काहींची डावीकडून. मित्राच्या तोंडात गाणारा कटर आपल्या तोंडात मुका राहिला, तर उलट्या बाजूला काप असलेला तोच कॉल मागावा.

तोंडात घालताना नालेची उघडी बाजू ओठांकडे, सगळ्यात आखूड पट्टी खाली जिभेकडे. मिनिटभर लाळेने भिजू द्यावा, मग जिभेने वरच्या दातांच्या थोडं मागे टाळूवर दाबून बसवावा. जीभ पट्ट्यांना नुसती टेकलेली असावी. हवा फुंकरीची नको, पोटातून आलेली वाफ हवी. सुरुवातीला बहुतेकांना गुदगुल्या होतात. चार-आठ दिवसांत जीभ सरावते.

पहिला धडा टर्कीच्या आवाजाचा नसतोच. एक उंच, सलग सूर धरता आला पाहिजे. मग तो सूर चालू असतानाच जबडा खाली सोडायचा, म्हणजे जिभेचा दाब कमी होतो आणि सूर खरखरत खाली उतरतो. ही उंचावरून खाली येणारी जोडी म्हणजे येल्प, टर्कीच्या भाषेतला रोजचा शब्द. जोडी तोडून ‘ची-अक, ची-अक’ अशी चार-सात वेळा म्हटली की मादी बोलली. क्लक हा ओठांवरचा एकच तुटक ठोका. तेच ठोके जोरात, वेगात, वेड्यावाकड्या अंतराने दिले की कटिंग, म्हणजे चिडलेली, उत्तेजित मादी. पर्र सगळ्यात अवघड: हवा जेमतेम सोडायची आणि ओठ किंवा पडजीभ थरथरवायची. ती चरता चरता समाधानाने काढायची गुरगुर. ‘की-की’ ही हरवलेल्या पिलांची शीळ, शरद ऋतूत कामाची. एका-दोन पट्ट्यांवर ती छान येते.

यात सूर महत्त्वाचा की लय, यावर शिकारी तासन् तास भांडू शकतात. आमचं मत लयीच्या बाजूने. नॅशनल वाइल्ड टर्की फेडरेशन या अमेरिकी संस्थेच्या, टर्कीचे आवाज काढण्याच्या राष्ट्रीय स्पर्धेत परीक्षक नीटस सुराला गुण देतात, आणि ते ठीकच आहे. पण रानात खऱ्या माद्या ऐकाव्यात. काहींचा आवाज इतका फाटका असतो की स्पर्धेत पहिल्या फेरीत बाद होतील. नर तरीही धावत येतो, कारण ठोक्यांमधलं अंतर बरोबर असतं. नवशिका मात्र घाबरून येल्प फार घाईने उरकतो, किंवा नेमका वीस वेळा सारखाच काढतो.

आवाजच निघत नसेल तर कारणं मोजकी आहेत. नुसतं फुस्स होत असेल तर टेपकडून हवा निसटतेय, बसवणी चुकली. किंचाळल्यासारखा एकच उंच सूर येत असेल तर जीभ फार दाबलीय किंवा जबडा उतरत नाहीये. सूर मधेच तुटत असेल, तर लाळेने पट्ट्या एकमेकींना चिकटल्यात. गाल फुगत असतील तर हवा गालातून येतेय, पोटातून नाही. आवाज काल चांगला होता आणि आज मेला, तर पट्टीची कड उजेडात धरून पाहावी: बारीक चीर गेलेली असते.

रानात या कलेची खरी अडचण निसर्गानेच करून ठेवली आहे. नर पहाटे झाडावरून गॉबल करतो, म्हणजे मोठ्याने हाक देतो, आणि माद्या त्याच्याकडे जातात. शिकारी मादी होऊन बोलावतो आणि नराने यावं म्हणतो, म्हणजे रीतच उलटी. म्हणून नर साठ-सत्तर यार्डांवर येऊन थांबतो, पिसारा फुलवून फेऱ्या मारतो आणि मादीची वाट पाहतो. इथे जोरात येल्प करणं ही सगळ्यात स्वाभाविक आणि सगळ्यात चुकीची गोष्ट. एखादा क्लक, थोडी पर्र, हाताने सुकी पानं दोनदा खरवडणं, मग गप्प. मादी चरतेय, तिला घाई नाही, असं त्याला वाटलं पाहिजे. तोंड दुसरीकडे वळवून क्लक केला तर ती दूर चालल्याचाही भास होतो.

सुरक्षेचे नियम या आवाजातूनच आलेले आहेत. रानात ऐकू आलेली मादी दुसरा शिकारी असू शकते, म्हणून आवाजाच्या दिशेने कधी दबकत जायचं नाही. खांद्यांहून रुंद झाडाला पाठ लावून बसायचं. लाल, पांढरा, निळा रंग अंगावर नको, मोजाही नको, कारण नराच्या डोक्यावर हेच तीन रंग असतात.

एवढं सगळं करायला पक्षी उरला, हेही नवलच. 1930 च्या दशकात अमेरिकेत रानटर्की फार थोड्या उरल्या होत्या. 1950 च्या दशकात तोफेने जाळं उडवून थवे पकडायचे आणि रिकाम्या जंगलांत सोडायचे, ही युक्ती साधली. मॅसॅच्युसेट्समध्ये 1972-73 साली न्यू यॉर्कहून आणलेले 37 पक्षी सोडले होते. आज बॉस्टनच्या उपनगरांत राहणाऱ्या मराठी घरांसमोरही टर्की गाड्या अडवून उभ्या राहतात. तिथे त्यांना बोलावण्यापेक्षा हाकलण्याची विद्या जास्त लागते. तोंडाने पाखरू बोलावण्याची विद्या महाराष्ट्रातही होती. फासेपारध्यांमधले जाणते लोक कसलंही साधन न घेता तित्तराला साद घालत आणि तित्तर फाशात येई. 1972 चा वन्यजीव कायदा आणि त्यातल्या पुढच्या दुरुस्त्या यांनी ती शिकार बेकायदा ठरली.

राहता राहिली निगा. लॅटेक्सचे शत्रू दोन, उष्णता आणि ऊन. गाडीच्या डॅशबोर्डवर एक दुपार राहिलेला कॉल संपला म्हणून समजा. वापर झाला की पाण्याने धुवावा, पट्ट्यांमध्ये दात कोरायची चपटी काडी सरकवून त्या सुट्या ठेवाव्यात, वाळू द्यावा आणि हंगाम सरला की डबीत घालून फ्रिजमध्ये ठेवावा. डबीवर नाव लिहावं, नाहीतर घरचं कोणीतरी भलतंच काही समजून टाकून देतं. लॅटेक्सची अ‍ॅलर्जी असलेल्यांनी या वाटेला न जाता पेटी किंवा पाटीच घ्यावी. सराव गाडी चालवताना करतात. घरात केला तर दुसऱ्या दिवशी गाडीतच करावा लागतो. पट्टीची कड लोंबू लागली की कॉल बदलायची वेळ झाली. पण तो लगेच फेकू नये: झिजलेल्या पट्टीची खरखर क्लकला पुष्कळदा नव्यापेक्षा बरी लागते. नवा घेताना मात्र तेच माप, तोच काप घ्यावा, मग पाकिटावरचा नर कितीही साधा दिसो.