ट्वेल्फ्थ स्ट्रीट, डेट्रॉइट: मोकळ्या प्लॉटांची सहल

डेट्रॉइटकडच्या मराठी घरांत शहराचा विषय निघाला की कुणीतरी म्हणतंच, "सदुसष्टच्या दंगलीनं वाट लावली या गावाची." म्हणजे १९६७ सालच्या. म्हणणारा बहुधा पुण्याहून किंवा चाकणहून गाड्यांच्या कंपनीतर्फे इथे आलेला असतो. राहतो नोव्हायला, ट्रॉयला नाहीतर कँटनला, म्हणजे उपनगरांत. खुद्द डेट्रॉइटमध्ये जातो ते मॅच बघायला, किंवा भारतातून आलेल्या पाहुण्यांना नदीपलीकडचा कॅनडा दाखवायला. माझा भाचा यातलाच. ती दंगल जिथे पेटली त्या ट्वेल्फ्थ स्ट्रीटचं मी नाव काढल्यावर तो हसला. "मामा, डाउनटाउन काय झकास झालंय, ते बघ ना. तिकडे काय आहे? मोकळे प्लॉट."

मला मोकळे प्लॉटच बघायचे होते. कुरकुर करत का होईना, त्यानं गाडी काढली.

ज्या ट्वेल्फ्थ स्ट्रीटबद्दल मी बोलतोय त्याचं नाव १९७६ सालापासून रोझा पार्क्स बुलेव्हार्ड आहे. अलाबामातल्या माँटगोमेरीच्या बसमध्ये गोऱ्या प्रवाशासाठी जागा सोडायला नकार देणाऱ्या त्याच रोझा पार्क्स. आपल्याकडे त्यांची गोष्ट बसमध्येच संपते. प्रत्यक्षात नोकरी मिळेना आणि धमक्या थांबेनात म्हणून १९५७ साली त्या नवऱ्याबरोबर अलाबामा सोडून डेट्रॉइटला आल्या आणि २००५ साली गेल्या त्या इथेच. उत्तरेत तरी बरं असेल म्हणून आलेल्या लाखो कृष्णवर्णीयांपैकी त्या एक. त्यांना इथे काय दिसलं, त्याकडे पुढे येतो.

क्लेअरमाउंट रस्त्याच्या कोपऱ्यावर गॉर्डन पार्क नावाची लहानशी बाग आहे. बाकडी, गवत, आणि मिशिगन राज्याची ऐतिहासिक स्थळांसाठी असते तशी हिरवी पाटी. पाटी लागली २०१७ साली, म्हणजे पन्नास वर्षांनी. इथे एक छापखाना होता. वरच्या मजल्यावर 'युनायटेड कम्युनिटी लीग फॉर सिव्हिक अ‍ॅक्शन' असा भारदस्त फलक, आणि आत रात्री उशिरापर्यंत चालणारा विनापरवाना गुत्ता. असल्या गुत्त्यांना इथे 'ब्लाइंड पिग' म्हणत. २३ जुलै १९६७, रविवार, पहाटे पावणेचारचा सुमार. व्हिएतनामहून परतलेल्या दोन सैनिकांसाठी पार्टी रंगली होती. पोलिसांची धाड पडली. पाच-पंचवीस माणसं सापडतील असा त्यांचा अंदाज, निघाली ऐंशीच्या वर. सगळ्यांनाच अटक करायची असं ठरलं, पण तेवढ्यांना न्यायला गाड्या नव्हत्या. एकेक खेप होईपर्यंत तासभर गेला. उन्हाळ्याची रात्र, त्यामुळे रस्ता जागाच होता. लोक जमले, ढकलाढकली बघू लागले, बाचाबाची झाली. शेवटची गाडी निघाली तेव्हा एक बाटली भिरकावली गेली आणि पोलिसांच्या गाडीची काच फुटली.

पुढचे पाच दिवस शहर जळत होतं. ४३ माणसं मेली, त्यांतली ३३ कृष्णवर्णीय. ७,००० हून जास्त लोकांना अटक झाली. बहुतेक मृत्यू पोलीस आणि नॅशनल गार्डच्या, म्हणजे राज्याच्या राखीव सैन्याच्या, गोळ्यांनी झाले. एका खिडकीत काहीतरी चमकलं, लपून गोळीबार करणारा असावा असं समजून गार्डनी मशीनगन चालवली. कुणीतरी सिगरेट पेटवली होती. आत चार वर्षांची मुलगी मेली. याउलट, राष्ट्राध्यक्ष जॉन्सन यांनी पाठवलेल्या पॅराट्रूपर्सनी, ज्यांत व्हिएतनामचा अनुभव असलेले गोरे आणि काळे दोन्ही सैनिक होते, सगळ्या काळात मिळून फक्त २०१ गोळ्या झाडल्या. दंगलींची चौकशी करणाऱ्या, सरकारच्याच केर्नर आयोगाच्या अहवालात हा आकडा आहे. लढाई बघितलेल्या माणसांचा हात बंदुकीवर आवरता राहिला, आणि आसपासच्या गावांतून आलेल्या, बहुतेक गोऱ्या, नवख्या गार्डचा नाही.

बागेत एक म्हातारे गृहस्थ बसले होते. मी पाटीचे फोटो काढतोय हे बघून त्यांनी विचारलं, "घर घ्यायचंय का?" मला आधी कळेना. मग भाच्यानं सांगितलं की इथे हल्ली बाहेरची माणसं फोटो काढत हिंडतात ती बहुधा पडकी घरं स्वस्तात उचलायला. नाही, नुसतं बघायला आलोय म्हटल्यावर त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं की गिऱ्हाईक निघालो असतो तर निदान कारण तरी कळलं असतं. सदुसष्टबद्दल ते फार बोलले नाहीत. पोलिसांच्या 'बिग फोर'बद्दल मात्र बोलले.

बिग फोर म्हणजे एका मोठ्या गाडीत बसलेले चार धिप्पाड पोलीस. नाक्यावर पोरं उभी दिसली की गाडी थांबणार, नाव-गाव विचारणार, भिंतीला टेकवून झडती घेणार, शिव्या घालणार, कधी गाडीत घालून बदडणार. शहरातली तिसऱ्या हिश्शाहून जास्त वस्ती कृष्णवर्णीय, आणि पोलीस दलात कृष्णवर्णीय शेकडा पाचच्या आसपास. त्या पहाटे लोक जमले तेव्हा एका गुत्त्याला कुलूप लागतंय एवढंच त्यांना दिसत नव्हतं. मुंबईत १९७२ साली ज्या तरुणांनी अमेरिकेतल्या ब्लॅक पँथरकडे बघून दलित पँथर काढली, त्यांना हे सगळं न सांगताही कळलं असतं.

पण पोलीस हा एक धागा झाला. दुसरा कळायला हेस्टिंग्ज स्ट्रीटला जायला हवं, आणि तिथे जाता येत नाही, कारण तो हायवेखाली गेलाय. डाउनटाउनच्या पूर्वेला ब्लॅक बॉटम आणि पॅरडाइज व्हॅली या कृष्णवर्णीयांच्या वस्त्या होत्या. घरं जुनाट, दाटीवाटीची, पण दुकानं, दवाखाने, जॅझ क्लब सगळं त्यांचं स्वतःचं. पन्नासच्या दशकात आणि साठच्या सुरुवातीला 'झोपडपट्टी निर्मूलन' म्हणून ते पाडलं, वर क्रायसलर फ्रीवे आला. आम्ही त्याच रस्त्यावरून गेलो. खड्ड्यात उतरलेला रस्ता, दोन्ही बाजूंना काँक्रीटच्या भिंती. भाचा म्हणाला, "ऑफिसच्या पार्टीला मी नेहमी याच रस्त्यानं जातो."

हेस्टिंग्जवर जो व्हॉन बॅटल नावाच्या गृहस्थांचं रेकॉर्डचं दुकान होतं. मागच्या खोलीत ते स्वतः ध्वनिमुद्रण करत. रेव्हरंड सी. एल. फ्रँकलिन यांची प्रवचनं त्यांनी रेकॉर्ड केली, आणि त्यांच्या किशोरवयीन मुलीची चर्चमधली गाणीसुद्धा. ती मुलगी म्हणजे पुढे जगभर गाजलेली गायिका अरीथा फ्रँकलिन. फ्रीवेसाठी दुकान उठलं, तेव्हा बॅटल यांनी ते नव्यानं थाटलं ट्वेल्फ्थ स्ट्रीटवर. उठवलेले बरेचसे लोक तिथेच गेले होते, कारण दुसरीकडे त्यांना घरं मिळत नव्हती. दंगल पेटल्यावर बॅटल बंदूक घेऊन दुकानाच्या राखणीला बसले. पोलिसांनी त्यांना हुसकावलं. परत येऊ दिलं तेव्हा आत होता वितळलेल्या रेकॉर्डचा आणि बंबाच्या पाण्यात भिजलेल्या टेपांचा चिखल. तेच दुकान एकदा सरकारी आराखड्यानं गेलं आणि एकदा आगीत. लोकांच्या तोंडी मात्र आगीचीच आठवण आहे.

लिनवुड स्ट्रीटवर सेक्रेड हार्ट सेमिनरी आहे, पाद्री घडवणारी जुनी कॅथलिक संस्था. तिच्या कोपऱ्यावर हात पसरलेला येशूचा दगडी पुतळा आहे. १९६७ च्या त्या दिवसांत कुणीतरी त्याचा चेहरा, हात आणि पाय काळे रंगवले. पुढे दुसऱ्या कुणीतरी ते पांढरे केले. मग सेमिनरीनंच ते पुन्हा काळे रंगवून घेतले आणि आजतागायत तसेच राखलेत. जवळ जाऊन पाहिलं तर हाताच्या काळ्या रंगाचे थर जाड दिसतात, मनगटाशी जिथे अंगरख्याचा फिकट दगड सुरू होतो तिथे रेघ अगदी सुबक ओढलेली आहे. म्हणजे कुणीतरी दर काही वर्षांनी लहान ब्रश घेऊन शिडीवर चढत असणार. या शहरात मी पाहिलेल्या स्मारकांत मला हे सगळ्यात जास्त पटलं, कदाचित ते कुणी ठरवून उभारलं नाही म्हणून.

याच लिनवुडवर खाली एक चर्च आहे, तिथे ३० ऑगस्ट १९६७ ला एक अभिरूप खटला चालला. दंगलीच्या काळात वुडवर्ड अ‍ॅव्हेन्यूवरच्या अल्जियर्स मोटेलमध्ये कार्ल कूपर, ऑब्री पोलार्ड आणि फ्रेड टेंपल ही तीन कृष्णवर्णीय पोरं मारली गेली. तिघंही विशीच्या आतली, तिघंही निःशस्त्र. गोळीबार करणारा लपलाय म्हणून पोलीस आत घुसले होते. तशी बंदूक सापडली नाही. भिंतीशी उभं करून मारहाण झाली आणि पहाटे तीन प्रेतं मिळाली. खऱ्या कोर्टात न्याय मिळेल असा भरवसा नसल्यानं वस्तीतल्या लोकांनी स्वतःच खटला भरवला. चर्च भरून लोक बाहेर उभे होते. ज्यूरीत रोझा पार्क्स होत्या. या लोकांच्या कोर्टानं पोलिसांना दोषी ठरवलं. खऱ्या खटल्यांचं म्हणाल, तर एकही पोलीस दोषी ठरला नाही. मोटेल १९७९ साली पाडलं, आणि तिथेही आता गवतच आहे. शहरातल्या हिरवळीकडे बघून मी खूश व्हायचं बंद केलं ते तिथपासून.

परतीच्या वाटेवर एट माइल रोडच्या अलीकडे आम्ही भिंत पाहिली. सोसायटीच्या कंपाउंडएवढी, सहा फूट उंच, अर्धा मैल लांब. १९४१ साली एका बिल्डरला कृष्णवर्णीयांच्या वस्तीशेजारी गोऱ्यांसाठी घरं बांधायची होती. शेजार 'धोक्याचा' म्हणून केंद्र सरकारची गृहकर्ज संस्था हमी देईना. त्यानं मधे भिंत घातली आणि हमी मिळाली. ना गेट, ना पहारेकरी, कागदावर दाखवण्यापुरती भिंत. आता दोन्ही बाजूंना कृष्णवर्णीयच राहतात. मैदानालगतच्या तुकड्यावर चित्रं काढलीत, त्यात साबणाचे फुगे उडवणारी मुलं आहेत आणि बसमध्ये चढणाऱ्या रोझा पार्क्सही.

तिथे मी भाच्याला जनगणनेचे आकडे दाखवले. १९५० साली डेट्रॉइटची लोकसंख्या होती साडेअठरा लाख. १९६० साली सोळा लाख सत्तर हजार. म्हणजे दंगलीच्या कितीतरी आधी, एका दशकात पावणेदोन लाखांच्या वर माणसं कमी झाली. कारखाने शहराबाहेर चालले होते, त्यांच्यामागून गोरी कुटुंबं, आणि त्यांना कर्जं मिळत होती. कृष्णवर्णीयांना ना ती कर्जं, ना ती घरं. सदुसष्टनंतर वेग वाढला हे खरं, २०२० पर्यंत आकडा ६,३९,१११ वर आला.

"मग ते पावणेदोन लाख गेले कुठे?" भाच्यानं विचारलं.

"तू राहतोस तिकडेच."

तो थोडा वैतागला. "मामा, आम्ही काय केलं? आम्ही तर आत्ता आलो." बरोबरच आहे त्याचं. त्यानं काही केलं नाही. पण आपल्याला या देशाचे दरवाजे उघडले ते १९६५ च्या स्थलांतर कायद्यानं, आणि तो कायदा झाला नागरी हक्कांच्या चळवळीच्या रेट्यात, हे मी त्याला म्हटलं. चांगल्या शाळा, रुंद रस्ते, मागे अंगण हे सगळं तयार मिळालं, आणि त्याबरोबर "तिकडे जायचं नाही" हेही तयारच मिळालं. घाटकोपरला राहून धारावीबद्दल बोलणारे आपण, शिकायला फार वेळ लागला नसेल. यावर तो म्हणाला, बायको जेवायला वाट बघतेय, आणि गाडी सुरू केली.

कुणाला जायचं असेल तर सोयीचं सांगतो. आधी कृष्णवर्णीयांच्या इतिहासाचं चार्ल्स राइट म्युझियम करा, अर्धा दिवस हाताशी ठेवा, म्हणजे बाहेर पडल्यावर रस्ते वाचता येतात. मग क्लेअरमाउंट, लिनवुड, शेवटी भिंत, गाडीनं एका दुपारी होतं. दिवसाउजेडी आम्हाला कुठे काही भीती वाटली नाही. भिंतीचा बराच भाग लोकांच्या परसात आहे, तिथे डोकावू नका, मैदानाकडचा तुकडा पुरतो. आणि फोटो काढताना कुणी घर घ्यायचंय का विचारलं तर सरळ नाही म्हणा, बसा, गप्पा मारा.