कोळंबी, शेपू आणि ओली हळद: अकरा फेऱ्यांनंतरची नोंद

कोळंबी, शेपू आणि ओली हळद कढईत परतून एक पदार्थ बसवतो आहे; फेरी म्हणजे त्याचा एकेक प्रयोग. ठिकाण सांगली. घरगुती शेगडी, १४.२ किलोचा सिलिंडर, दहा इंची लोखंडी कढई. कढई तापली की सहा मिनिटांत पदार्थ ताटात यायला हवा. कोळंबी चिवट नको, कढईत पाणी नको आणि शेपू हिरवागार राहायला हवा.

कल्पना हनोईची. तिथे ‘चा का’ नावाचा प्रकार आहे: मासा हळदीत मुरवायचा, ढीगभर शेपू आणि कांद्याच्या पातीबरोबर तव्यावर परतायचा, वर भाजके शेंगदाणे. हळद, शेपू, पात, शेंगदाणे. मासा सोडला तर ही आपली मंडईची पिशवीच झाली. शेपूचं नाव काढलं की निम्मं घर नाक मुरडतं हे खरं, पण मुगाच्या डाळीत शिजून शिजून गाळ झालेला शेपू वेगळा आणि पंधरा सेकंद परतलेला वेगळा.

माशाच्या जागी इथे कोळंबी आहे, ती नेमकी कुठून येते हे आधी बघू, कारण निम्म्या गोष्टी तिथेच ठरतात. सांगलीत येणारी समुद्राची कोळंबी बरीचशी रत्नागिरीकडून, आंबा घाट चढून कोल्हापूरमार्गे बर्फात येते. प्रवासात बर्फ वितळतो आणि कोळंबी त्याच पाण्यात बसून राहते. त्यामुळे विकत घेतानाच तिच्यात जादा पाणी असतं. घेताना डोकं आणि धडाचा सांधा बघावा. डोकं ढिलं होऊन लोंबत असेल तर सोडून द्या. डोक्यावर, पायांवर काळे डाग दिसले तर ती लगेच खराब समजू नका, ते कवचातल्या विकरामुळे पडतात. पण माल दोन-तीन दिवसांचा आहे एवढं त्यावरून कळतं. अमोनियाचा वास आला तर मात्र विचारच नको. रविवारी माल लवकर संपतो, म्हणून प्रयोगाची खरेदी शक्यतो रविवारी सकाळी.

हिशोबासाठी: किलोला ४० बसणारी अख्खी कोळंबी अर्धा किलो घेतली की सोलून, धागा काढून साधारण २४० ग्रॅम हाती राहते. पुढची सगळी मापं या २४० ग्रॅमना धरून आहेत.

फेरी १ ते ३: डबकं

पहिल्या फेरीत सगळी कोळंबी एकदम कढईत गेली. इन्फ्रारेड थर्मामीटरवर तळ २३० अंश होता, वीस सेकंदांत ११० वर आला. (हे यंत्र चकचकीत स्टीलवर काहीही आकडे दाखवतं, काळ्या लोखंडावर ठीक चालतं.) आकड्याआधी आवाजानेच समजतं: चर्रर्र थांबतं आणि रटरट सुरू होते. रटरट ऐकू आली की परतणं संपलं आणि उकडणं सुरू झालं.

याचा हिशोब सोपा आहे. एक ग्रॅम पाण्याची वाफ करायला सुमारे २.२६ किलोज्यूल लागतात. कोळंबीने २० ग्रॅम पाणी सोडलं तर ४५ किलोज्यूल झाले. घरच्या मोठ्या बर्नरची ताकद साधारण दोन किलोवॉट, आणि त्यातली निम्मी खरोखर कढईत शिरते असं धरलं तरी नुसतं पाणी उडवायला पाऊण मिनिट जातं. तेवढ्यात कोळंबी आतपर्यंत शिजून पुढे गेलेली असते. चायनीजच्या गाडीवरची भट्टी याच्या कितीतरी पट आग देते, म्हणून तिथे एकदम ओतलेलं खपतं. आपल्याकडे आग वाढवता येत नाही, तेव्हा पाणी कमी करणं एवढंच हातात राहतं.

दुसऱ्या फेरीत १२० ग्रॅमचे दोन घाणे केले. बराच फरक पडला, पण डबकं पूर्ण गेलं नाही. तिसऱ्या फेरीत कोळंबी सुती पंच्यात गुंडाळून दाबून कोरडी केली आणि ताटलीत पसरून १५ मिनिटं फ्रिजमध्ये उघडीच ठेवली. पंचा काढून तोलला तर ११ ग्रॅम पाणी त्यातच होतं. या फेरीपासून कढईचा तळ १६० च्या खाली गेला नाही.

फेरी ४ आणि ५: सोडा, आणि लाल कोळंबी

कोळंबी बाहेरून कुरकुरीत व आतून रसाळ राहावी म्हणून मीठ-सोडा चोळण्याची युक्ती बऱ्याच जणांना माहीत आहे. सोड्याने मांसाचा सामू (पीएच) वाढतो आणि तापल्यावर प्रथिनं कमी आवळतात, त्यामुळे पाणी आतच धरलं जातं. २४० ग्रॅमना ३ ग्रॅम मीठ आणि ०.६ ग्रॅम खाण्याचा सोडा. ०.६ ग्रॅम म्हणजे चहाच्या चमच्याचा आठवा भाग. चिमटीने घेऊ नका, चिमूट ज्याची त्याची वेगळी. १५ मिनिटं फ्रिजमध्ये, मग धुऊन कोरडी. अर्ध्या तासाच्या वर ठेवली तर रबर होते आणि साबणासारखी चव लागते.

चौथ्या फेरीत धुणं घाईत उरकलं होतं. हळद पडली आणि कोळंबी पिवळी होण्याऐवजी विटकरी लाल झाली. शिजल्यावर कोळंबी नारिंगी होतेच, तो रंग हा नव्हे. मसालासुद्धा लाल, कढईच्या कडेला लागलेली हळदही लाल. आपल्याकडे हळदीला चुना लावून कुंकू करतात, तोच प्रकार इथे कढईत झाला. अल्कली भेटली की हळदीतलं करक्युमिन लाल होतं. त्या लाल तुकड्यावर लिंबाचा एक थेंब टाकला की तेवढाच ठिपका पुन्हा पिवळा होतो.

चूक उपयोगी पडली. आता शेवटच्या धुण्याचं पाणी वाटीत घेऊन त्यात चिमूटभर हळद टाकतो. पाणी तांबूस झालं तर आणखी एकदा धुवायचं, पिवळं राहिलं तर पुढे. शेजारी साध्या नळाच्या पाण्याची वाटी तुलनेला ठेवा. बोअरचं पाणी असेल तर ही दुसरी वाटी हवीच, ते मुळातच अल्कलीकडे झुकलेलं असू शकतं. पाचव्या फेरीत तीन पाण्यांनी धुतली आणि रंग स्वच्छ पिवळा आला.

फ्रोझन पाकीट वापरणार असाल तर मागची बारीक अक्षरं वाचा. घटकांत फॉस्फेट किंवा ई ४५१ लिहिलं असेल तर ती कोळंबी आधीच पाणी प्यायलेली आहे. तिला सोडा नको, नुसतं मीठ, आणि कोरडं करायला दुप्पट वेळ.

हळद: ओली की पूड

पूड तापल्या तेलात काही सेकंदांत काळी पडते आणि कडू होते. ओली हळद स्वतःचं पाणी बाळगून असते, त्यामुळे अर्धा मिनिट दम काढते. हरिपूरच्या पेवांसाठी, म्हणजे हळद साठवायच्या जमिनीखालच्या खड्ड्यांसाठी, सांगलीचं नाव झालं ती हळद उकडून, वाळवून, पॉलिश केलेली. इथे हवी ती कच्ची, मातीची, आल्यासारखी दिसणारी. हळद काढणीला आली की जानेवारीपासून मार्चपर्यंत ती सहज मिळते. एरवी खिसून, बर्फाच्या ट्रेमध्ये तेलात बुडवून गोठवलेली चालते. प्रमाण ८ ग्रॅम. १५ ग्रॅम घालून पाहिली, मातकट लागली. खिसताना हातमोजे घाला, किंवा आठवडाभर पिवळ्या बोटांनी फिरा.

फेरी ६ ते ८: पाला कधी

शेपूची जुडी धुतली की कोरडी दिसते, पण कोरडी नसते. ४० ग्रॅम निवडलेला शेपू धुऊन झटकल्यावर ५६ ग्रॅम भरला. म्हणजे कोळंबीचं ११ ग्रॅम पाणी खटपट करून पुसायचं आणि शेपूतून १६ ग्रॅम परत आणायचं. आता पाला परतण्याच्या दोन तास आधी धुऊन फडक्यावर पसरतो.

जाड देठ वेगळे, कोवळे देठ वेगळे, पानं वेगळी. जाड देठ टाकून द्या, दाताला दोऱ्यासारखे लागतात. कोवळे देठ लसणाबरोबर जातात. पानं गॅस बंद करायच्या पंधरा सेकंद आधी. सातव्या फेरीत पानं एक मिनिट ठेवली, रंग खाकी झाला आणि वास खोलीत गेला, ताटात काही उरलं नाही. पातीचंही तसंच: पांढरा भाग आधी, हिरवा शेवटी.

गवती चहा घालून पाहिला. परसातल्या झुडपाची पानं खाता येत नाहीत, कितीही बारीक चिरा, घशात टोचतातच. दोन पानांची गाठ मारून तेलात मिनिटभर तळायची आणि काढून टाकायची, एवढाच त्याचा उपयोग. बुडखा जाड असेल तर आतला पांढरा गाभा चकत्या करून चालतो, पण आपल्याकडच्या झुडपाचा बुडखा बहुधा बोटाएवढाही नसतो.

तुळशीबद्दल विचारणा होते. ‘क्रापाव’ या थाई परतलेल्या प्रकारात पडते ती आपलीच तुळस, पण वृंदावनातली तुळस कोळंबीत घालायचं धाडस इथल्या कुठल्याच घरात होणार नाही, आणि करूही नये. त्याऐवजी सब्जा. फालुद्यातलं बी कुंडीत पेरा, आठवड्याभरात उगवतं, आणि दीड-दोन महिन्यांत खुडायला पानं मिळतात. शेंडे खुडत राहा, तुरा आला की पानं कडवट होतात. सब्ज्याचं पान सुरीने चिरलं तर कडा काळ्या पडतात, हातानेच तोडा आणि गॅस बंद झाल्यावर घाला. शेपू आणि सब्जा एकत्र मात्र नको, दोघंही आपलंच नाव पुढे करतात. कोथिंबीर दोघांबरोबर चालते. पुदिना हळदीसमोर टूथपेस्टसारखा लागला, तो बाद.

फेरी ९: माकूल

निम्मी कोळंबी, निम्मा माकूल (स्क्विड). एकत्र टाकून फसलं, दोघांचं घड्याळ वेगळं. माकूल एक तर दीड मिनिटात काढायचा, नाहीतर पाऊण तास शिजवायचा. मधल्या वेळेत तो चपलेच्या पट्ट्यासारखा होतो. शिवाय पाणी कोळंबीपेक्षा जास्त सोडतो. उपाय असा: नळी उभी चिरून उघडायची, आतल्या बाजूने अर्ध्या सेंटिमीटरवर तिरक्या चिरा, आरपार नाहीत. खळखळत्या पाण्यात १५ सेकंद. तुकडा गुंडाळला की लगेच बाहेर, पसरून कोरडा. त्याचं बरंचसं पाणी असं कढईबाहेरच निघून जातं. मग कढईत शेवटी, लसणानंतर, ३० सेकंद. चिरा बाहेरच्या बाजूने मारल्या तर तुकडा उलटा वळतो आणि मसाला धरत नाही.

फेरी १० आणि ११: सध्याची कृती

तेल: ३० मिली रिफाइंड शेंगदाणा. घाण्याच्या तेलाचा वास छान, पण ते १६० अंशांच्या आसपास धुरायला लागतं. ते हवंच असेल तर शेवटी वरून एक चमचा. कोळंबीची डोकी फेकू नका. या तेलात मध्यम आचेवर चार मिनिटं, कलथ्याने दाबत परता, तेल केशरी होतं. गाळून घ्या. डोकी पूर्ण कोरडी करूनच टाका, नाहीतर तेल ओट्यावर, भिंतीवर, चष्म्यावर.

फिश सॉसच्या जागी सुका जवळा ५ ग्रॅम, कोरडा भाजून, खलबत्त्यात पूड करून. हा बदल कायम ठेवला आहे. जवळ्यात मीठ बरंच असतं, म्हणून वरून मीठ घालायचं नाही.

सगळं चिरून, तोलून ओट्यावर मांडलेलं असू द्या. कढई मोठ्या आचेवर तीन मिनिटं. पाण्याचा थेंब गोळी होऊन पळाला की निम्मं केशरी तेल. १२० ग्रॅम कोळंबी, एकेक अंतर ठेवून. ६० सेकंद हात लावायचा नाही. कलथा आवरत नाही, तरीही. उलटून २५ सेकंद. कोळंबी अर्धचंद्र झाली आणि मधोमध काचेसारखी रेघ उरली की ताटलीत. टोकं जुळून कडं झालं तर उशीर झाला. कढई पुन्हा ४५ सेकंद तापू द्या, मग उरलेल्या तेलात दुसरा घाणा. ही ४५ सेकंदं वगळली तर दुसऱ्या घाण्यात फेरी १ परत येते.

आच मध्यम. ८ पाकळ्या ठेचलेला लसूण, ३ उभ्या चिरलेल्या हिरव्या मिरच्या, पातीचा पांढरा भाग, शेपूचे देठ, ओली हळद: ३० सेकंद. जवळ्याची पूड. आच मोठी, कोळंबी ताटलीत सुटलेल्या रसाशिवाय परत आत. पातीचा हिरवा भाग, शेपूची पानं, पंधरा सेकंद, बंद. ताटलीतला रस एक चमचाच असतो, तो भातावर घ्या. कढईत ओतला तर पानं मलूल होतात.

लिंबू ताटात, कढईत कधीच नाही. लोखंडाचा काळा थर आंबटाने सुटतो, पदार्थाला गंजकट चव येते आणि कढई पुन्हा तेलाने वठवावी लागते. वर २० ग्रॅम भरड शेंगदाणे. इंद्रायणीच्या भातापेक्षा ज्वारीच्या भाकरीबरोबर जास्त जमतं, भात चिकट आणि हे कोरडं.

अजून न सुटलेलं: एकूण वेळ सव्वासात मिनिटं येतो, सहा नाही. ४५ सेकंदांचा विसावा वाचवायला शेजारच्या बर्नरवर दुसरा बिडाचा तवा तापत ठेवून दुसरा घाणा त्यावर, हे फेरी १२ मध्ये. १ जूनपासून ३१ जुलैपर्यंत यांत्रिक बोटींची मासेमारी बंद असते, तेव्हा तळ्यात वाढवलेली वनामी कोळंबी घ्यावी लागेल. तिचं मांस समुद्राच्या कोळंबीपेक्षा नरम, त्यामुळे सोडा तसाच ठेवून पहिली बाजू ६० ऐवजी ५० सेकंद धरून सुरुवात.