चहाच्या टपरीवर अमेरिका

काल कर्वे रोडवर चहा पिताना मित्राशी जुंपली, विषय काय तर अमेरिका! 2008 ला फिलाडेल्फियात मतदान केंद्राच्या दारात न्यू ब्लॅक पँथर पार्टी या कृष्णवर्णीयांच्या कट्टर संघटनेचे दोघं उभे, एकाच्या हातात दंडुका, सरकारने 2009 च्या जानेवारीत मतदारांना धमकावल्याची केस टाकली आणि ओबामा आल्यावर मे मध्ये बरीचशी मागे घेतली. तो म्हणे, बघ पक्षपात! मला पण ते खटकतंच, पण म्हटलं अरे 2013 ला सुप्रीम कोर्टाने 5-4 ने 1965 च्या मतदान हक्क कायद्याचा फॉर्म्युलाच उडवला, म्हणजे ज्या राज्यांना मतदानाचे नियम बदलायला आधी केंद्राची परवानगी लागायची ती मोकळी, त्याचं काय? दंडुक्याचा व्हिडिओ गाजला, नियम बदलून मतदार यादीतून उडालेल्या नावाचा कुठे निघतो. आमच्या आईचं असंच उडालं होतं, शाळेच्या गेटवर उन्हात तासभर यादी चाळत बसली बिचारी. असो, चहा गार झाला आणि पैसे परत मीच दिले.