तुम्ही विचारलंत म्हणून : माहितीपटात दिग्दर्शकानं स्वतः कशाला यायचं?

माहितीपट संपून दिवे लागले की हा प्रश्न हमखास येतो. खून, गोळीबार, कोर्टातला खटला असे विषय असतील तर दिग्दर्शकानं दोन्ही बाजू मांडाव्यात आणि बाजूला व्हावं, स्वतःचं दुःख, स्वतःचा राग मध्ये आणू नये, असं विचारणाऱ्याचं म्हणणं असतं. मी संकलक आहे, दुसऱ्यांनी आणलेलं फुटेज कापणं हे माझं रोजचं काम. मला हे पटत नाही.

११ जुलै १९९७. घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातलेला दिसला. लोक रस्त्यावर आले, राज्य राखीव पोलीस दलानं गोळीबार केला आणि १० माणसं गेली. चार दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी मुलुंडच्या आपल्या झोपडीत गळफास घेतला. माहितीपटकार आनंद पटवर्धन त्यांना ओळखत होते. पटवर्धनांच्या १९८५च्या ‘हमारा शहर’ या माहितीपटात घोगऱ्यांचं गाणं आहे. गोळीबारानंतर त्यांनी केलेला ‘जय भीम कॉम्रेड’ हा माहितीपट या ओळखीतूनच सुरू होतो. घोगरे डाव्या चळवळीत गाणारे, पण जाताना त्यांनी डोक्याला निळं फडकं बांधलं होतं. लांबून पाहणाऱ्यानं ‘नैराश्यातून आत्महत्या’ असं लिहून विषय संपवला असता. त्या निळ्या फडक्यापाशी थांबला तो ओळखीचा माणूस. थांबला म्हणजे किती, तर १४ वर्षं. चित्रपट २०११ साली पुरा झाला, तीन तासांहून मोठा. तेवढ्या काळात चौकशी आयोग झाला, खटला चालला, २००९ साली गोळीबाराचा आदेश देणाऱ्या अधिकाऱ्याला जन्मठेप झाली आणि पुढे उच्च न्यायालयातून जामीनही मिळाला. बातमीदाराला इतकी वर्षं एका वस्तीत कोण राहू देतं?

आणि दिग्दर्शक दिसला नाही म्हणजे तो नसतो, असंही नाही. अमेरिकन दिग्दर्शक एरल मॉरिस यांच्या १९८८च्या ‘द थिन ब्लू लाइन’ या माहितीपटात ते पडद्यावर येत नाहीत. डॅलसमध्ये १९७६ साली एका पोलिसाचा खून झाला, त्यासाठी रँडल अ‍ॅडम्सला फाशी सुनावली गेली, नंतर ती जन्मठेपेवर आली. मॉरिसनी ती रात्र साक्षीदारांच्या जबान्यांप्रमाणे पुन्हा पुन्हा उभी केली, आणि प्रत्येक वेळी ती वेगळी दिसली. काय उभं करायचं हे त्यांनीच ठरवलं ना! अ‍ॅडम्स १९८९ साली सुटला. पुढे आपल्याच कहाणीच्या हक्कांसाठी त्यानं मॉरिसवर दावा लावला.

दुसऱ्याच्या दुःखाजवळ जायचं तर जपून जावं लागतं. एका कामात मुलगा गमावलेली आई बोलत होती आणि ऐन वेळी कुकरची शिट्टी झाली. तिला पुन्हा बोलायला सांगितलं. दुसऱ्या वेळी आवाज कोरडा होता, वाक्यं तीच. शेवटी तिनं कॅमेऱ्यामागे बघून विचारलं, “आता बरोबर झालं का?” हेडफोनमध्ये ते ऐकून माझे हात थांबले. तरी मी दुसरा टेक घेतला, आवाज स्वच्छ म्हणून, आणि तो प्रश्न कापला, कारण तो ठेवला असता तर आम्ही तिथे होतो हे लोकांना कळलं असतं.

आता शिट्टी असली तरी मी पहिलाच टेक लावते. आणि माणसं आम्हाला काही विचारतात, तेही ठेवते.